‘क्रॉस आहे’ म्हणण्याआधी: रेस्क्यू सेंटरवरच्या नव्या स्वयंसेवकांसाठी

संक्रांतीच्या आठवड्यात मांज्याने कापलेले पारवे आणि घारी येतात. फेब्रुवारीपासून ढोलीतून काढून विकायला नेलेली पोपटाची पिल्लं यायला लागतात. वर्षभर अधूनमधून कोणाच्या तरी गॅलरीत येऊन बसलेला रंगीबेरंगी परदेशी पक्षी येतो, आणि कोणी घर बदलताना नकोशी झालेली बदकं गेटवर ठेवून जातं. या प्रत्येक पक्ष्याच्या नोंदीत ‘जात’ नावाचा एक रकाना असतो. नवीन स्वयंसेवकाला पक्षी पुस्तकातल्या चित्राशी जुळत नाही असं दिसलं, की हात आपोआप त्या रकान्यात ‘क्रॉस’ किंवा ‘मिक्स’ लिहून मोकळा होतो.

पक्ष्याचं पुढचं आयुष्य त्या एका शब्दावर ठरतं. रानातला असेल तर बरा करून सोडायचा असतो. पाळीव असेल तर त्याला घर शोधायचं असतं. परदेशी असेल तर तो इथल्या झाडांवर सोडता येत नाही आणि संकर असेल तर तोही नाही. म्हणजे ढोलीतून चोरलेल्या साध्या पोपटाच्या नावापुढे चुकून ‘क्रॉस’ पडलं, की तो जन्मभर जाळीत. माझा अनुभव असा की ‘क्रॉस’ म्हणून दाखवले जाणारे बहुतेक पक्षी संकर नसतातच. ते पिल्लू असतात, मादी असतात, पिसं बदलत असतात, रंगवलेले असतात किंवा पाळणाऱ्यांनी तयार केलेल्या वेगळ्या रंगाचे असतात. म्हणून इथे दिलेली पद्धत गाळत जाण्याची आहे. ‘संकर’ हा शब्द सगळ्यात शेवटी.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच डोक्यात पक्की करा. आपल्याकडे ‘क्रॉस’ दोन अगदी वेगळ्या गोष्टींना म्हणतात. लक्का (पंख्यासारख्या शेपटीचं) कबूतर आणि रस्त्यावरचं कबूतर यांचं पिल्लू हे एकाच प्रजातीतल्या दोन वाणांचं मिश्रण. साधा पोपट आणि करण पोपट यांचं पिल्लू हा दोन प्रजातींचा संकर. पहिल्याने कायद्याच्या दृष्टीने फारसं काही बदलत नाही, दुसऱ्याने बरंच बदलतं. नोंदीत पहिल्याला ‘मिश्र वाण’ आणि दुसऱ्याला ‘संकर’ लिहायची सवय लावून घ्या.

पायरी १: आधी जीव, मग जात

पक्षी आला की त्याला हवेची भोकं असलेल्या खोक्यात, अंधारात, उबेत आणि शांत जागी ठेवा. धक्क्यात असलेल्या पक्ष्याला हातात धरून पंख उलगडत बसलात तर ओळख पटण्याआधी पक्षी जाईल. रक्तस्राव, मोडलेला पंख, मान वाकडी असं काही दिसलं तर डॉक्टर आधी. ओळखीची घाई फक्त आपल्याला असते.

हातमोजे आणि मास्क घाला. पोपट आणि कबुतरांकडून माणसाला सिटाकोसिस हा फुप्फुसांचा आजार होऊ शकतो. नवा पक्षी जुन्यांपासून वेगळा ठेवायचा, भांडी वेगळी, झाडू वेगळा. देशी रानपक्षी असल्याची शंका आली तर वनविभागाला कळवायचं. महाराष्ट्रात त्यासाठी १९२६ ही हेल्पलाइन आहे. असा पक्षी ‘दोन दिवस सांभाळतो’ म्हणून घरी न्यायचा नाही, तुमचं मन कितीही स्वच्छ असलं तरी.

पायरी २: आणणाऱ्याला बोलतं करा

‘कुठला आहे?’ असं विचारलंत तर उत्तर ठरलेलं असतं: ‘गॅलरीत आपोआप आला.’ लोक घाबरतात, कारण १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार आपल्याकडचे देशी पोपट पिंजऱ्यात पाळणं गुन्हा आहे. पोलीस तपासाच्या सुरात विचारू नका. ‘याला काय आवडतं खायला?’ असं विचारा. ‘दूधभात खातो, पेरू दिला की लगेच घेतो’ असं उत्तर आलं, तर आपोआप येण्याची कहाणी तिथेच संपते. ‘बाजारातून आणला तेव्हा केवढा होता?’ हाही उपयोगी प्रश्न. जोडीने आणला होता का, दुसरा कसा दिसत होता, अंडी घरात घातली होती का, हे कळलं तर संकराबाबतचा अर्धा पुरावा तुमच्या हातात आला. आईबाप पाहिलेला माणूस भेटणं ही चैन आहे. भेटला तर शब्द न् शब्द लिहून घ्या.

पायरी ३: पिंजऱ्याच्या खुणा

पंख हळूच उलगडून मोठी पिसं बघा. कात्रीने कापलेली पिसं सरळ रेषेत तुटलेली असतात. झटापटीत तुटलेली वाकडीतिकडी. शेपटीची टोकं झिजून कुंचल्यासारखी झाली असतील, नखं वळून वाढली असतील, चोचीचं टोक लांबलं असेल, तर पक्षी जाळीमागे राहिलेला आहे. यातली एकच खूण पुरेशी नाही, दोन-तीन एकत्र हव्यात.

पायात कडं असेल तर ते न काढता त्यावरचं सगळं उतरवून घ्या. सांधा नसलेलं अखंड कडं पिल्लू काही दिवसांचं असतानाच चढवता येतं, म्हणून ते पिंजऱ्यात जन्मल्याचा बऱ्यापैकी पुरावा आहे. सांध्याचं कडं मोठ्या पक्ष्यालाही घालता येतं, त्यावरून जन्म ठरत नाही. आणि बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचं नाव नि क्रमांक असलेलं धातूचं कडं दिसलं तर तो अभ्यासासाठी कडं घातलेला रानपक्षी आहे. क्रमांक ताबडतोब संस्थेला कळवा.

पायरी ४: माप आणि फोटो

स्वयंपाकघरातला डिजिटल काटा आणि एक कापडी पिशवी पुरते. पक्ष्यासकट पिशवीचं वजन घ्या, मग रिकाम्या पिशवीचं वजा करा. पट्टीने चोच, पंख दुमडलेला असताना त्याची लांबी, पाय आणि शेपूट मोजा. आकार खोटं बोलत नाही असं म्हणतात, ते निम्मंच खरं आहे: उपाशी पक्ष्याचं वजन खोटं बोलतं, चोचीचं माप सहसा बोलत नाही.

फोटो साध्या राखाडी किंवा पांढऱ्या कपड्यासमोर, खिडकीच्या उजेडात काढा. पिवळ्या बल्बखाली निळा पक्षी हिरवा दिसतो. एका बाजूने पूर्ण पक्षी, डोक्याची बाजू जवळून, पाठ आणि पाठीखालचा भाग, उघडलेला पंख वरून आणि खालून, पसरलेली शेपूट, पाय. पाठीखालचा, म्हणजे शेपूट सुरू होते त्याच्या वरचा भाग बहुतेक जण विसरतात. लव्हबर्ड आणि कबूतर ओळखताना नेमका तोच लागतो.

पायरी ५: जे संकर नसतं ते गाळा

पहिला प्रश्न वयाचा. कोवळ्या पक्ष्याची पिसं मऊ, तोंडाच्या कोपऱ्याला पिवळट कातडी, शेपूट अपुरी. साध्या पोपटाच्या नराला कंठ (गळ्याभोवतीचा रंगीत पट्टा) फुटायला दोन ते तीन वर्षं लागतात, तोपर्यंत तो मादीसारखाच दिसतो. टोई पोपटाचं पिल्लू हिरव्या डोक्याचं असतं, त्याच्या जांभळ्या डोक्याचा तेव्हा मागमूसही नसतो. सन कन्युअर नावाचा पिवळाधमक परदेशी पोपट लहानपणी पंखांवर बराच हिरवा असतो. तो जेंडे कन्युअरशी झालेला संकर म्हणून हमखास खपवला जातो. या दोघांचे संकर खरोखर होतात, पण पक्षी मोठा होऊन पूर्ण रंगावर आल्याशिवाय ते ठरवता येत नाही.

कोकिळेचं पिल्लू दरवर्षी येतं. कावळ्याने भरवलेलं, आणणारा सांगतो, ‘कावळ्याच्या घरट्यातच होतं, पण ठिपके आहेत, क्रॉस असेल.’ कोकीळ मादी अंडीच कावळ्याच्या घरट्यात घालते आणि पिल्लू कावळा वाढवतो. त्यात कावळ्याचा अंशही नसतो. तसाच पांढऱ्या पिसांचा कावळा किंवा साळुंकी. रंगद्रव्य कमी पडल्यामुळे काही पिसं पांढरी उगवतात, बस्स.

मग रंग. पोपटाचा हिरवा म्हणजे पिसातलं पिवळं रंगद्रव्य आणि पिसाच्या रचनेतून दिसणारा निळा यांची बेरीज. पिवळं द्रव्य नसेल तर पक्षी निळा दिसतो, काळं द्रव्य नसेल तर पिवळा. दुकानात दिसणारे निळे आणि पिवळे ‘रिंगनेक’ हे सगळे साध्या पोपटाचेच रंगप्रकार आहेत, त्यात दुसरी प्रजाती शोधू नका. बजरीगरचंही तेच. निळा, पांढरा, पिवळा, राखाडी, सगळे एकाच प्रजातीचे. आपल्याकडे अर्धी जनता बजरीगरलाच लव्हबर्ड म्हणते, त्यामुळे ‘लव्हबर्ड सापडला’ असा फोन आला की आधी फोटो मागवा. हिरव्या पोपटात मधेच तुरळक पिवळी पिसं दिसली तर आहार आणि यकृत तपासायला सांगा. नुसत्या मिरच्या आणि भिजवलेली डाळ खाऊन वर्षं काढलेल्या पोपटांमध्ये हे दिसतं.

शेवटी फसवणूक. बाजारात साध्या पोपटाच्या खांद्यावर लाल रंग लावून तो करण पोपट म्हणून विकतात. मुनियांना हिरवं, लाल, निळं रंगवतात. कोमट पाण्यात बुडवलेल्या कापसाने खांदा हलकेच पुसा. रंग कापसावर आला तर प्रश्न मिटला. पक्क्या रंगाचा असेल तर पिसं फुंकरीने बाजूला सारून मुळाशी बघा. निसर्गाचा रंग पिसाच्या ठरावीक भागात संपतो. लावलेला रंग पिसाची दांडी, खालची लव आणि कधी कातडीसुद्धा माखून टाकतो. आसपासच्या पिसांवर शिंतोडे असतात. रंगवलेल्या रानपक्ष्याला रॉकेल-थिनरने पुसायचा उद्योग करू नका, पुढच्या खेपेला पिसं बदलली की रंग आपोआप जातो.

इतकं सगळं गाळून झालं आणि पक्षी अजूनही कुठल्याच एका प्रजातीत बसत नसेल, तर संकराचा विचार सुरू करायचा.

देशी पोपट

साधा पोपट सुमारे ४० सेंटिमीटर, त्यात बरीचशी शेपूट, आणि वजन साधारण १०० ते १४० ग्रॅम. करण पोपट, ज्याला पहाडी किंवा राजा पोपटही म्हणतात, तो ५५-६० सेंटिमीटरचा, वजन २०० ते ३०० ग्रॅम, आणि नर असो की मादी, खांद्यावर गडद लाल डाग. दोघं शेजारी ठेवले तर चूक होणं अशक्य. पण सेंटरवर एकच पक्षी समोर असतो आणि तो फुगून बसलेला असतो.

डोक्याकडे बघा. करण पोपटाची चोच अवजड, डोक्याच्या मानाने फारच मोठी दिसणारी. चोचीचा खालचा भाग हा मात्र फसवा पुरावा: दक्षिणेकडच्या साध्या पोपटात तो काळसर असतो, उत्तरेकडच्यात लालसर. उत्तरेतून आलेली पिल्लं महाराष्ट्रातल्या बाजारात विकायला येतात, त्यामुळे खालची चोच लाल दिसली म्हणून लगेच करण पोपटाचं रक्त शोधू नका.

या दोघांचा संकर पिंजऱ्यात होतो, आणि भारताबाहेर ज्या शहरांत सुटलेल्या पोपटांचे थवे वसले आहेत तिथे मोकळ्यावरही नोंदला गेला आहे. संशय कधी घ्यायचा? खांद्यावर डाग आहे पण पुसट, काही पिसांपुरताच. चोच साध्या पोपटाहून जाड पण करण पोपटाइतकी नाही. वजन दोघांच्या मधलं. आणि आवाज साध्या पोपटाच्या किंचाळीपेक्षा जाड. या चारपैकी निदान तीन गोष्टी एकत्र हव्यात, आणि पक्षी पूर्ण वाढलेला हवा. १७० ग्रॅमचा पोपट हा संकर असू शकतो तसाच उपासमार झालेला करण पोपटही असू शकतो. छातीचं हाड बोटाला धारदार लागतंय का बघा, दोन-तीन आठवडे नीट खाऊ घाला, पुन्हा वजन करा.

खांद्यावर लाल डाग असलेला पण अंगाने साध्या पोपटाहूनही लहान पोपट आला, तर तो टोई पोपटाचा नर असण्याची शक्यता आधी. त्याची वरची चोच पिवळसर असते, लाल नाही. एवढ्यावरच ओळख पटते.

लव्हबर्ड

संकर पक्षी खात्रीने बघायचे असतील तर ते इथे. लव्हबर्डच्या नऊ प्रजाती आहेत, सगळ्या आफ्रिका आणि मादागास्करच्या. आपल्या बाजारात मुख्यतः तीन: पीचफेस, फिशर आणि मास्क. हौशी लोक एकाच पिंजऱ्यात सगळे कोंबतात आणि मग व्हायचं ते होतं.

पीचफेसच्या डोळ्याभोवती पांढरं कडं नसतं, चोच शिंगाच्या रंगाची, फिकट, आणि पाठीखालचा भाग झगझगीत निळा. फिशर आणि मास्क दोघांच्या डोळ्याभोवती उघड्या कातडीचं जाड पांढरं कडं आणि चोच लाल. फिशरचा चेहरा नारिंगी, मास्कचं डोकं काळपट आणि गळ्याखाली पिवळा पट्टा.

पीचफेस आणि कडंवाल्यांचा संकर झाला की डोळ्याभोवती अर्धवट, बारीक कडं येतं, जणू पेन्सिलने काढून अर्ध्यात सोडलेलं. चोच गुलाबी-नारिंगी, ना धड फिकट ना धड लाल. हे पक्षी सहसा वांझ असतात. फिशर आणि मास्क यांचा संकर मात्र प्रजननक्षम असतो आणि पुढच्या पिढ्यांत मिसळत जातो, म्हणून कपाळावर धुरकट छटा असलेला नारिंगी चेहऱ्याचा लव्हबर्ड दिसला तर नवल नाही. इथेही रंगप्रकारांचा घोळ आहेच: निळ्या लव्हबर्डात नारिंगी रंगच नसतो, त्यामुळे चेहऱ्यावर विसंबता येत नाही. डोळ्याचं कडं आणि चोच बघा.

लव्हबर्डच्या संकराबद्दल एक प्रयोग प्रसिद्ध आहे. विल्यम डिल्गर या अमेरिकी अभ्यासकाने १९६०च्या सुमारास पीचफेस आणि फिशरची पैदास करून पाहिली. पीचफेसची मादी घरट्यासाठी पानाच्या पट्ट्या कापते आणि त्या पाठीखालच्या पिसांत खोचून नेते. फिशर त्या चोचीत धरून नेते. संकर माद्या दोन्हीच्या मधे अडकल्या. पट्टी पिसांत खोचायला जायच्या, ती नीट खोचली जायची नाही, पडायची, पुन्हा उचलायच्या. चोचीतून न्यायला शिकायला त्यांना काही वर्षं लागली, आणि तेव्हाही नेण्याआधी मान मागे वळवण्याची लकब उरली होती. सेंटरवरच्या पिंजऱ्यात कागदाच्या लांब पट्ट्या टाकून ठेवायला काहीच खर्च येत नाही. संशयित मादीने काय केलं ते नोंदीत लिहा, पण फक्त त्यावर निकाल देऊ नका.

मकाव हे मोठे परदेशी पोपट आले तर (क्वचितच येतात) छाती बघा. निळ्या-पिवळ्या मकावची छाती पिवळी असते. ती नारिंगीकडे झुकली असेल तर लाल किंवा लाल-हिरव्या मकावशी संकर असण्याची शक्यता मोठी. अशा संकरांना पाळणाऱ्यांमध्ये कॅटलिना, हार्लेक्विन अशी नावं आहेत आणि विकणारे ती अभिमानाने सांगतात.

परदेशी पोपटांच्या बाबतीत कागदपत्रांचा भागही आहे. वन्यजीवांच्या व्यापारावरच्या साइट्स या आंतरराष्ट्रीय कराराच्या याद्यांतून सगळ्या पोपटांपैकी फक्त चार प्रजाती वगळल्या आहेत: बजरीगर, कॉकटील, पीचफेस लव्हबर्ड आणि आपला साधा पोपट. (साध्या पोपटाला साइट्स लागत नसलं तरी आपला १९७२चा कायदा लागतो, यात अनेक जण गोंधळतात.) करारानुसार यादीतली प्रजाती मागच्या चार पिढ्यांत कुठेही असेल तर संकरालाही तेच नियम. म्हणजे पीचफेस यादीबाहेर, पण पीचफेस आणि फिशरचं पिल्लू यादीत. वन्यजीव कायद्यात २०२२ साली दुरुस्ती झाली, त्यानंतर यादीतले परदेशी प्राणी-पक्षी बाळगणाऱ्याला केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर नोंद करावी लागते. दत्तक देताना हे नव्या पालकाला आधी सांगा.

कबूतर, पारवे, होले

पाळीव कबुतरांचे सगळे वाण एकाच पारव्यापासून आलेले आहेत, त्यामुळे इथे ‘संकर’ नसतो, मिश्र वाण असतो. मग ओळखायची गरज काय? रस्त्यावरचा पारवा बरा होऊन सोडता येतो. ढाबळीत वाढलेलं, लक्क्याचं रक्त असलेलं कबूतर सोडलं तर ते दुसऱ्या दिवशी मांजराच्या तोंडात असतं.

शेपटीची पिसं मोजा. साध्या कबुतराला १२ असतात. लक्क्याला ३० किंवा त्याहून जास्त. १४, १६, १८ अशी मधली संख्या आली, की आजा-पणजात कुठेतरी लक्का आहे. शेपूट बाहेरून अगदी साधी दिसत असली तरी मोजा; एखादं पीस गळलेलं असेल तर त्याची जागा बोटाला लागते. पायावर मोज्यांसारखी पिसं, डोक्यावर उलटी शेंडी, आखूड चोच ही सगळी पाळीव रक्ताची लक्षणं. मान सतत थरथरत असेल तर आजार समजण्याआधी लक्षात घ्या, मुखी आणि लक्का या वाणांत ती थरथर जन्मजात असते. मात्र मान पिळवटून उलटी होत असेल तर तो आजारच, डॉक्टरांकडे द्या.

चोचीच्या मुळाशी मोठा पांढरा मांसल फुगवटा, रुंद छाती, ४०० ग्रॅमच्या पुढे वजन आणि पायात सालाचा आकडा असलेलं कडं, असं कबूतर शर्यतीचं होमर. त्याचा मालक शोधा. ते वाट चुकलेलं असतं, टाकून दिलेलं नसतं.

रंगावरून मात्र काहीच ठरवू नका. डार्विनने स्वतः कबुतरं पाळून पांढऱ्या लक्क्याचा काळ्या बार्बशी (हाही पाळीव कबुतराचा एक वाण) जोडा लावला होता. त्यांच्या नातवंडांत पंखावर दोन काळे पट्टे असलेलं, अस्सल पारव्यासारखं निळं पिल्लू निघालं. हे त्याने १८५९ साली लिहून ठेवलं आहे. म्हणजे पारव्यासारखं दिसणारं कबूतर मिश्र वाणाचं असू शकतं आणि चितकबरं कबूतर तीन पिढ्या फलाटावर वाढलेलं असू शकतं.

होल्यांमध्ये एकच जोडी त्रास देते. पिंजऱ्यातला फिकट बदामी किंवा पांढरा पाळीव होला आणि आपला रानातला पठाणी होला. दोघांच्या मानेवर काळी पट्टी. शेपटीच्या मुळाशी खालून बघा: पाळीव होला तिथे पांढरा, पठाणी होला राखाडी. पाळीव पक्षी घुमून झालं की हसल्यासारखा आवाज काढतो. पठाणी होल्याचं घुमणं तीन सुरांचं. या दोघांचे संकर होतात. खालचा रंग एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा असेल तर तो पक्षी सोडायचा नाही.

बदकं आणि कोंबड्या

पाळीव बदकांपैकी मस्कोव्ही सोडलं तर बाकी सगळी मॅलार्ड या रानबदकापासून आलेली. मस्कोव्हीच्या तोंडावर लाल गाठीगाठींचं कातडं असतं आणि ते क्वॅक करत नाही, फुसफुसतं. या दोन्हींचं पिल्लू म्हणजे मुलार्ड: अंगाने दांडगं, चेहऱ्यावर थोडंसंच लाल कातडं, आणि वांझ.

आपल्याकडे खरा प्रश्न हळदीकुंकू बदकाचा. चोचीच्या टोकाला हळदीचा पिवळा, मुळाशी कुंकवाचे दोन ठिपके, बाकी चोच काळी. हे रानबदक तळ्यावरच्या पाळीव बदकांत मिसळतं. कुंकवाचे ठिपके फिके किंवा एकच, छातीवर पांढरा डाग, नराच्या शेपटीवर वर वळलेली पिसं, अंग जड आणि उडायला नाखूश, असं दिसलं तर पाळीव रक्त आहे. छातीवरचा पांढरा डाग ही यातली सर्वांत बोलकी खूण. फक्त ठिपके फिके असतील तर मात्र थांबा, कोवळ्या पक्ष्यातही ते नीट आलेले नसतात.

कोंबड्यांबद्दल थोडक्यात. पाळीव कोंबडी मुख्यतः लाल रानकोंबड्यापासून आली, पण तिच्या कातडीचा पिवळा रंग करड्या रानकोंबड्याकडून आला असं २००८ साली जनुकांवरून दिसून आलं. तेव्हा गावठी कोंबडी मुळातच मिश्र. सह्याद्रीतल्या गावांतून ‘रानकोंबडा’ म्हणून आलेला नर खरोखर करडा रानकोंबडा आहे का हे मानेवर कळतं. त्याच्या मानेच्या पिसांच्या टोकांना मेणासारखे चकचकीत पिवळे-पांढरे ठिपके असतात, आणि गावठी कोंबड्यात ते कधीच नसतात. ठिपके तुरळक, आणि तुरा नि गलोल (चोचीखालची लोंबती कातडी) गावठीसारखे जाड असतील तर संकराची शंका घ्या. कोंबडी रानातली असेल तर तिला तुरा जवळपास नसतोच.

पायरी ६: नोंद, तपासणी आणि पुढचं

रकान्यात एकच शब्द लिहू नका. तीन ओळी लिहा: काय दिसलं, त्यावरून काय वाटतं, आणि खात्री किती. खात्रीसाठी ‘नक्की’, ‘बहुधा’ आणि ‘ठरलेलं नाही’ एवढ्या तीन पायऱ्या पुरतात. ‘ठरलेलं नाही’ लिहिताना संकोच नको. ‘पोपट, पूर्ण वाढलेला, १६५ ग्रॅम, उजव्या खांद्यावर लाल पिसं, पुसून रंग आला नाही, डाव्यावर नाहीत, ठरलेलं नाही’ ही उत्तम नोंद आहे. (दोन्ही खांदे सारखे नाहीत म्हणजे पक्क्या रंगाची शंका अजून फिटलेली नाही, हे वाचणाऱ्याला लगेच कळतं.)

फोटो जाणकाराला पाठवताना तुमचा अंदाज सोबत लिहू नका. ‘हा क्रॉस आहे ना?’ असं विचारलं की समोरचाही तेच बघायला लागतो.

जनुकीय चाचणी हा मार्ग आहे. हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेची लॅकोन्स ही प्रयोगशाळा आणि देहरादूनची भारतीय वन्यजीव संस्था असं काम करतात. पण ही मागणी वनविभागामार्फत जाते, आणि ती जप्ती किंवा खटल्याच्या पक्ष्यांपुरतीच राहते. नमुना पशुवैद्यानेच घ्यायचा. निकाल वाचताना एक सापळा आहे: प्रजाती ओळखायची नेहमीची चाचणी मायटोकाँड्रियातल्या जनुकावर चालते आणि ते फक्त आईकडून येतं. करण पोपट आई आणि साधा पोपट बाप असलेल्या संकराचा अहवाल निखळ ‘करण पोपट’ असाच येईल. संकर ठरवायचा तर केंद्रकातल्या जनुकांची तपासणी हवी, हे पत्रातच लिहून मागा.

संशयित पक्षी ठरेपर्यंत एकटा किंवा त्याच लिंगाच्या सोबत्याबरोबर ठेवा. घरट्याची पेटी, मडकं काही देऊ नका. पोपट एकलकोंडे राहत नाहीत, म्हणून जाळीच्या पलीकडे दिसेल असा शेजार द्या. पिसं बदलून झाली की सगळे फोटो पुन्हा त्याच कपड्यासमोर काढा, वजन करा, आणि नवी नोंद जुनीच्या खाली तारखेसह लिहा. जुनी खोडू नका.